खाजगी वन: सातबाऱ्यावरच्या एका शेऱ्यामागचा इतिहास

ठाण्यात येऊरच्या पायथ्याशी किंवा घोडबंदर पट्ट्यात डोंगरालगतची जमीन बघायला निघालेला माणूस आता सातबाऱ्यातला 'इतर हक्क' रकाना आधी वाचतो. तिथे 'खाजगी वन' असा शेरा दिसला की व्यवहार अडतो. हे शेरे मोठ्या प्रमाणावर पडू लागले ते २००६ च्या सुमारास. ज्या कायद्याच्या आधारे ते पडले तो मात्र १९७५ चा, आणि त्याला आधार होत्या १९५०च्या दशकातल्या नोटिसा.

त्याआधीचं थोडक्यात. ठाणे जिल्ह्यातल्या भातशेतीला लागून वरकस, म्हणजे डोंगरउताराची हलकी जमीन असे. तिथल्या ऐन-किंजळाच्या फांद्या छाटायच्या, रोपांसाठी राखलेल्या तुकड्यावर शेण, फांद्या, पालापाचोळा, गवत असे थर रचायचे, वर माती टाकायची आणि पावसाआधी पेटवायचं. हा राब. त्याने तणाचं बी मरतं, माती भुसभुशीत होते, रोपाला राख मिळते. राखीव जंगलं आखली गेली तेव्हा या छाटणीवर बंधनं आली, तक्रारी वाढल्या आणि १८८५ मध्ये ठाणे आणि कुलाबा (आजचा रायगड) जिल्ह्यांच्या जंगल गाऱ्हाण्यांसाठी खास आयोग नेमावा लागला. वरकस जमीन शेती की जंगल, हा प्रश्न तेव्हापासूनचा आहे.

मुख्य गुंता १९२७ च्या भारतीय वन अधिनियमातल्या कलम ३५ चा. खाजगी जमिनीवरचं झाड-झुडूप तोडणं, जाळणं, तिथे गुरं चारणं यावर सरकार या कलमाखाली निर्बंध घालू शकतं. त्याचा क्रम ठरलेला आहे. आधी पोटकलम ३ ची नोटीस, म्हणजे निर्बंध का घालू नयेत याची मालकाला विचारणा. मग हरकती, सुनावणी, आणि शेवटी पोटकलम १ ची अधिसूचना. नोटीस देतानाच सरकार मालकाला तोड थांबवायला सांगू शकतं, पण जास्तीत जास्त सहा महिने. म्हणजे कायद्याने ही नोटीस पहिली पायरी मानली होती आणि पुढची पायरी लवकर गाठली जाईल असं धरलं होतं. प्रत्यक्षात अनेक नोटिसा राजपत्रात छापल्या गेल्या आणि तिथेच थांबल्या. मालकाच्या हाती पडल्या का, सुनावणी झाली का, याचे कागद कित्येक ठिकाणी सापडत नाहीत.

मग ३० ऑगस्ट १९७५ ला महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम लागू झाला आणि त्या दिवशी राज्यातली खाजगी वनं सरकारजमा झाली. व्याख्येत पोटकलम १ च्या अधिसूचनेखालची जमीन आलीच, शिवाय जिच्याबाबत पोटकलम ३ ची नुसती नोटीस 'काढली आहे' तीही आली. १९७८ मध्ये कलम २२-अ घालून छोट्या मालकांना १२ हेक्टरच्या मर्यादेत जमीन परत देण्याची सोय झाली. जमिनी कागदावर सरकारच्या झाल्या, पण बऱ्याच ठिकाणी फेरफार झाला नाही, ताबा घेतला नाही, हद्दीचे दगड रोवले नाहीत. पुढची तीस वर्षं त्याच सर्व्हे नंबरांवर बिनशेती परवानग्या मिळाल्या, नकाशे मंजूर झाले, इमारती उभ्या राहिल्या. जंगलाचं या प्रकरणातलं सर्वांत मोठं नुकसान याच तीस वर्षांत झालं. नंतरच्या न्यायालयीन निकालांना त्याचा दोष देणं चुकीचं आहे.

२००६ च्या सुमारास शेरे पडले तेव्हा मुलुंडपासून ठाण्यापर्यंत, घर घेऊन वर्षं लोटलेल्या रहिवाशांना कळलं की आपली इमारत वनजमिनीवर आहे. २००८ मध्ये उच्च न्यायालयाने सरकारची बाजू उचलून धरली. ३० जानेवारी २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. नोटीस 'काढली' म्हणजे ती मालकावर बजावलीही गेली पाहिजे, आणि दशकानुदशकं पडून राहिलेल्या मृत नोटिशीवर १९७५ चा कायदा उभा राहू शकत नाही, असं ठरलं. घरमालकांच्या दृष्टीने हे न्याय्यच होतं. पण तोच युक्तिवाद घेऊन, जिथे एक वीटही चढली नव्हती अशा डोंगरउतारांचे मालकही पुढे आले, आणि वस्ती झालेली जमीन व जिवंत जंगल यांत फरक करणारी यंत्रणा आजही नाही. त्यामुळे प्रत्येक सर्व्हे नंबर स्वतंत्र तपासावा लागतो: नोटीस बजावल्याची पोच, पोटकलम १ ची अधिसूचना, २२-अ खालचा आदेश, फेरफाराची तारीख.

नोटीस बाद झाली म्हणजे जमीन मोकळी झाली, असंही नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या १२ डिसेंबर १९९६ च्या आदेशाने, मालकी कोणाचीही असो, शब्दकोशातल्या अर्थाने जे वन आहे त्याला १९८० चा वन संवर्धन कायदा, म्हणजे वनजमिनीच्या इतर वापरावर बंधन घालणारा कायदा, लागू केला. २०२३ च्या दुरुस्तीने ही व्याप्ती आखडली, तेव्हा फेब्रुवारी २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने अंतरिम आदेशाने जुनाच अर्थ चालू ठेवायला सांगितलं. संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाभोवतीचं पर्यावरण संवेदनशील क्षेत्र डिसेंबर २०१६ चं. त्याचे निर्बंध आणखी वेगळे.

शब्दकोशाचा अर्थ लावायचा तर डोंगर बघावा लागतो, आणि इथेच पंचनामे फसतात. येऊर, पारसिक, खारघर इथलं जंगल पानझडी आहे: ऐन, किंजळ, धावडा, कुडा, मोई, काकड, सावर, ओढ्याकाठी उंबर आणि करंज. चार महिने मुसळधार पाऊस, आठ महिने कोरडे. मे महिन्यात जळालेला उतार उजाड दिसतो, पण जमिनीखाली खोडं आणि मुळं जिवंत असतात. ऐनाचं किंवा सागाचं रोप वणव्यात वरून जळतं, मुळातून पुन्हा फुटतं, पुढच्या वर्षी पुन्हा जळतं. पाच-सात वर्षांचं मूळ असूनही रोप गुडघ्याएवढंच राहतं. पंचनाम्यात ते 'गवत व झुडपे' म्हणून नोंदलं जातं. १९७५ च्या कायद्याची वनाची व्याख्या मात्र उभी झाडं, तोडलेली झाडं, झुडपं सगळ्यांना धरते. पाहणी पावसानंतर, सप्टेंबर-ऑक्टोबरात केली तर हेच खुंट पानांवर असतात आणि मोजता येतात.

अशा उतारावर नव्याने खड्डे खणून लावलेल्या गिरिपुष्पापेक्षा (ग्लिरिसिडिया, हे परदेशी झाड) आहे ते राखणं स्वस्त आणि खात्रीचं. गिरिपुष्प फांदीने लागतं, गुरं त्याला फारशी लागत नाहीत, म्हणून डोंगरच्या डोंगर त्याने भरले. त्याखाली देशी रोप क्वचितच वर येतं. उलट खुंटाला आठ-दहा फुटवे असतील तर जोमदार एक-दोन ठेवून बाकीचे थंडीत बुडाशी तिरके कापायचे, म्हणजे कापावर पाणी साचून कुजत नाही. घाणेरी (लँटाना, पसरत जाणारं परदेशी झुडूप) वरून छाटली तर दुप्पट फुटते. मातीखाली चार-पाच सेंटीमीटरवर मूळ तोडून झुडूप उलटं ठेवावं लागतं, तेही फळं पिकण्याआधी. जाळरेषा, म्हणजे वणवा अडवण्यासाठी गवत जाळून मोकळा केलेला पट्टा, वणव्याचा हंगाम सुरू व्हायच्या आत, म्हणजे १५ फेब्रुवारीपूर्वी, पूर्ण झाली पाहिजे. उशीर झाला तर वाळक्या गवतात जाळरेषेचीच आग पुढे पसरते.

कारवीचं गणित आणखी कडक. डोंगरउतारावरचं हे झुडूप आठ वर्षांनी एकदाच फुलतं आणि मरतं: २००८, २०१६, २०२४. पाड्यांवरच्या कुडाच्या भिंती याच काठ्यांच्या. फुलोऱ्यानंतरच्या उन्हाळ्यात बोंडं सुकत असतात आणि नवी पिढी फक्त त्या बियांतून येते. त्या एका उन्हाळ्यात उतार पेटला तर पुढे बहराची वाट बघायला तिथे कारवीच उरत नाही. पुढचा बहर २०३२ चा, म्हणून २०३३ च्या उन्हाळ्यातली जाळरेषा आणि राखण आधीपासून आखून ठेवावी लागेल, जमीन कागदोपत्री कोणाचीही असली तरी.