पार्श्वभूमी : मूक विनोदपट आणि कॅमेऱ्याची करामत

1895 मध्ये पॅरिसकरांनी पैसे मोजून पाहिलेल्या पहिल्या चित्रफितींत माळ्याच्या तोंडावर पाणी उडवणाऱ्या पोराची गंमत होती. मात्र तेथे कॅमेरा समोरची खोडी केवळ टिपत होता. त्याने स्वतः खोड्या कराव्यात, ही कल्पना जॉर्ज मेलिएस या जादूगाराने फुलवली. 1896 मध्ये त्याने चादरीखालची बाई नाहीशी केली आणि तिच्या जागी सांगाडा बसवला.

ही युक्ती कशी सापडली, ते त्याने 1907 मध्ये लिहिले. पॅरिसच्या ऑपेरा चौकात चित्रण चालू असताना कॅमेरा अडकला, मिनिटभराने पुन्हा सुरू झाला आणि पडद्यावर प्रवासी गाडीची शववाहिका झाली. इतिहासलेखकांनी ही हकिकत इतकी उचलून धरली की कॅमेरा थांबवणे हीच सारी युक्ती, असा समज रूढ झाला. वास्तविक 1895 मध्येच अमेरिकेत एका शिरच्छेदाच्या दृश्यात पात्राच्या जागी बाहुली ठेवण्यात आली होती. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, उपलब्ध प्रती तपासणाऱ्या अभ्यासकांना अशा बदलांच्या ठिकाणी फिल्म कापून जोडल्याच्या खुणा आढळल्या. हाताने फिरवायचा कॅमेरा एका क्षणात थांबत नसे, थांबता-सुरू होताना काही चौकटींवर, म्हणजे फिल्मवरच्या एकेका चित्रावर, जास्त प्रकाश पडे आणि नट कितीही स्तब्ध राहिला तरी थोडा हलेच. म्हणून नको त्या चौकटी काढून दोन्ही हालचाली अचूक सांधाव्या लागत. अपघाताची गोष्ट रंजक आहे, पण तिने कात्री आणि डिंक घेऊन बसलेल्या कारागिराचे श्रम झाकले, हे मला अन्यायाचे वाटते. विनोदाच्या दृष्टीनेही सांधा निर्णायक होता, कारण बसायला जाणाऱ्या माणसाखालची खुर्ची चार चौकटी उशिरा नाहीशी झाली, तर हसू येत नाही.

1901 मधील फुगत जाणाऱ्या डोक्याच्या चित्रफितीत मेलिएसने काळी पार्श्वभूमी आणि दुहेरी चित्रण, म्हणजे त्याच फिल्मवर पुन्हा चित्रण, वापरले. डोके मोठे दिसावे म्हणून नटाची खुर्चीच उतरणीवरून कॅमेऱ्याकडे सरकवली.

हीच शिस्त 1921 मध्ये अमेरिकी विनोदी नट बस्टर कीटनने पुढे नेली. एकाच चौकटीत नऊ कीटन दिसावेत म्हणून भिंगापुढे झडपांची पेटी बसवली गेली. एक झडप उघडून चित्रण करायचे, फिल्म मागे घ्यायची आणि पुढची झडप उघडायची. कॅमेरा हातानेच फिरत असल्याने छायाचित्रकाराला प्रत्येक फेरीत तोच वेग राखावा लागे, आणि शेवटची फेरी बिघडली तर आधीच्या आठही वाया जात.