डेंग शियाओपिंग
डेंग शियाओपिंग : (२२ ऑगस्ट १९०४–१९ फेब्रुवारी १९९७). चिनी साम्यवादी नेते व आर्थिक सुधारणांचे प्रवर्तक. जन्म सिचुआन (सेचवान) प्रांतातील ग्वांगआन येथे, जमीनदार घराण्यात. १९२० मध्ये काम करून शिकण्याच्या योजनेतून ते फ्रान्सला गेले. शिक्षण जेमतेम, कारखान्यांतील मजुरीच अधिक झाली. तेथेच ते साम्यवादी चळवळीत ओढले गेले. मॉस्कोमार्गे १९२७ मध्ये ते मायदेशी परतले. यादवी युद्धात ते लिऊ बोचेंग यांच्या सैन्याचे राजकीय कमिसार (सैन्यातील पक्षप्रतिनिधी) होते. १९५६ मध्ये पक्षाचे सरचिटणीस झाले.

सांस्कृतिक क्रांतीत ‘भांडवलशाहीच्या वाटेने जाणारा’ असा ठपका येऊन ते पदच्युत झाले. १९६९ पासून जिआंगशी प्रांतातील ट्रॅक्टर दुरुस्तीच्या कारखान्यात त्यांनी फिटरचे काम केले. ते फ्रान्समध्येच हाताखालून गेलेले होते. १९७३ मध्ये माओंनी परत बोलावले, एप्रिल १९७६ मध्ये पुन्हा काढले. माओंच्या निधनानंतर, जुलै १९७७ मध्ये, ते तिसऱ्यांदा उभे राहिले. माओंचा शब्द अखेरचा मानणारे त्यांचे वारसदार हुआ ग्वोफेंग आणि ‘व्यवहार हीच सत्याची कसोटी’ म्हणणारा गट यांच्या वादात दुसऱ्याची सरशी झाली. डिसेंबर १९७८ च्या केंद्रीय समितीच्या बैठकीपासून सूत्रे प्रत्यक्षात डेंग यांच्याकडे आली. विशेष म्हणजे पक्षाध्यक्ष, पंतप्रधान व राष्ट्राध्यक्ष यांपैकी एकही पद त्यांनी कधी भूषविले नाही.

सुधारणांचा आरंभ याच बैठकीपासून मोजण्याचा प्रघात आहे. तो सोयीचा असला, तरी शेतीला नीट लागू पडत नाही. सामूहिक शेतीऐवजी कुटुंबनिहाय शेतीच्या ठेक्याला त्या बैठकीतील मसुद्याने उलट मनाईच केली होती. त्याच सुमारास आन्हुई प्रांतातील शियाओगांग गावच्या शेतकऱ्यांनी जमीन घराघरांत वाटून घेण्याचा गुप्त करार केला. कागदावर नावे व अंगठे आहेत. म्होरक्यांना तुरुंगवास झाल्यास त्यांची मुले अठरा वर्षांची होईपर्यंत इतरांनी सांभाळावीत, असे कलमही आहे. हा करार सामान्यतः २४ नोव्हेंबर १९७८ चा मानतात, पण खुद्द कागदावर डिसेंबर महिना आहे. संग्रहालयातला कागद मूळचाच की मागाहून केलेला, याविषयीही शंका घेतल्या गेल्या आहेत. शिवाय ही पद्धत १९६१ च्या सुमारास, दुष्काळानंतर, आन्हुईत अजमावली गेली होती. ‘मांजर काळे असो वा पांढरे, उंदीर पकडते ते चांगले’ हे डेंग यांचे प्रसिद्ध वचन (१९६२) त्याच चर्चेतले. ते मूळ सिचुआनी म्हण. त्यातले मांजर पिवळे वा काळे होते, पांढरे नंतर झाले. ‘दगड चाचपत नदी ओलांडणे’ (सावधपणे, अनुभव घेत पुढे जाणे) हेही बहुधा ज्येष्ठ पक्षनेते चेन युन यांचे, डेंग यांच्या नावावर रूढ झालेले. एकूण पाहता डेंग यांनी आराखडा आखला यापेक्षा, खाली चाललेले प्रयोग मोडले नाहीत व यशस्वी ठरताच त्यांना पक्षाचे छत्र दिले, हे मत अधिक ग्राह्य वाटते. आन्हुईचे पक्षप्रमुख वान ली यांच्यासारख्या प्रांतिक नेत्यांचे श्रेय त्यामुळे वाढते.

१९८० मध्ये शेन्झेन, झुहाई, शान्टोऊ व शियामेन हे विशेष आर्थिक विभाग झाले. १९८४ मध्ये १४ किनारी शहरे परकी भांडवलास खुली झाली. एकाच मालाला सरकारी व बाजारी असे दोन भाव ठेवल्याने दलाली व भ्रष्टाचार माजला, १९८८ मध्ये महागाई भडकली. जून १९८९ मध्ये तिआनआनमेन चौकातील आंदोलन लष्कराकरवी चिरडण्यात डेंग यांचा निर्णय अंतिम होता. त्या वर्षी त्यांनी लष्करी आयोगाचे अध्यक्षपद सोडले.

रेंगाळलेल्या सुधारणांना गती देण्यासाठी १९९२ च्या आरंभी, सत्त्याऐंशीव्या वर्षी, त्यांनी दक्षिणेचा दौरा केला. ऑक्टोबरमध्ये पक्षाने ‘समाजवादी बाजार अर्थव्यवस्था’ हे ध्येय स्वीकारले. बीजिंग येथे त्यांचे निधन झाले.