नवव्या दिवसाचा ब्रोट : ब्राझीलमधल्या पोमेरेनियन शेतावर येणाऱ्यांसाठी माहितीपत्रक

आमच्या ब्राझील सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत नवव्या दिवसापुढे ‘शेतभेट आणि पारंपरिक जर्मन बेकिंगचे प्रात्यक्षिक’ एवढीच ओळ आहे. या एका ओळीवरून ऑफिसात जेवढे फोन येतात, तेवढे ॲमेझॉनवरून येत नाहीत. केक शिकवतात का? ॲप्रन देतात का? दोन तासांत उरकून दुपारी समुद्रावर जाता येईल का? तिन्ही प्रश्नांचे उत्तर ‘नाही’. मग तिथे असते काय, ते एकदा सविस्तर लिहून काढले आहे. निघण्यापूर्वी वाचा, आणि घरातल्या ज्येष्ठांना जरूर वाचून दाखवा.

जागा कुठली

रिओच्या वरच्या अंगाला, अटलांटिकच्या काठाने एस्पिरितु सांतु नावाचे लहानसे राज्य आहे. राजधानी वितोरिया. तिथून साधारण ८० किलोमीटर आत डोंगर चढत गेले की सांता मारिया दि झेतिबा लागते. उंची सुमारे ७०० मीटर, म्हणजे लोणावळ्यापेक्षा थोडी जास्त. गाव आणि आजूबाजूच्या वाड्या धरून वस्ती ४० हजारांच्या आसपास. त्यातले बरेच लोक अजून आपापल्या शेतावरच राहतात. तांबडी माती, उतारावर कॉफी, ओढ्याकाठी केळी, मध्येच आल्याचे वाफे. कोकणातला माणूस गाडीतून उतरला की पहिल्यांदा कुणाच्या तरी आजोळाचे नाव घेतो. कोंबड्यांच्या लांबलचक शेड दिसतील. ब्राझीलमध्ये सर्वांत जास्त अंडी याच तालुक्यात होतात.

आपण जातो ते शेत एका कुटुंबाचे आहे. आजी, तिचा मुलगा-सून आणि नातवंडे मिळून सगळे बघतात. त्यांचे रिसॉर्ट नाही, रिसेप्शन नाही, वायफायचा पासवर्ड नाही. आपण येणार म्हणून ते शेतातले काम थांबवत नाहीत. आठवड्याचे पाव ज्या दिवशी भाजतात, त्या दिवशी आपल्याला बोलावतात, इतकेच.

‘जर्मन’ म्हणजे नक्की कोण

पत्रिकेत आम्ही ‘जर्मन’ लिहितो, कारण ‘पोमेरेनियन’ लिहिले तर लोकांना तो कुत्रा आठवतो. कुत्र्याचे नाव खरे तर त्याच प्रदेशावरून पडले आहे. पोमेरेनिया हा बाल्टिक समुद्राच्या दक्षिण किनाऱ्यावरचा, तेव्हा प्रशियाच्या ताब्यातला मुलूख. एस्पिरितु सांतुत पहिले जर्मन १८४७ मध्ये आले, ते दुसऱ्या भागातले. पोमेरेनियन आले १८५९ पासून, आणि पुढे १८७० च्या दशकात मोठ्या संख्येने. बहुतेक सगळे दुसऱ्याच्या जमिनीवर राबणारे. इथे स्वतःची जमीन मिळेल, या आशेवर ते जहाजात बसले. मिळाली ती डोंगरउताराची आणि जंगलाने भरलेली.

दुसऱ्या महायुद्धानंतर जुना पोमेरेनिया बराचसा पोलंडमध्ये गेला आणि तिथल्या जर्मन लोकांना घरेदारे सोडावी लागली. त्यांची बोली युरोपात जवळजवळ विरली; इथे मात्र आजी नातवाला अजून त्याच बोलीत रागावते. २००९ पासून या नगरपालिकेत पोर्तुगीजच्या जोडीला तिला अधिकृत दर्जा आहे. तेव्हा तिथे ‘तुम्ही जर्मनच ना?’ असे विचारू नका. विचारायचेच तर पोमेरेनियन बोलता का, असे विचारा, चेहरा खुलतो.

ब्रोट

आता मुख्य गोष्ट. पोमेरेनियाची माणसे राय आणि गव्हाच्या पावावर वाढलेली. या दमट डोंगरात ती धान्ये धड होईनात, बाहेरून येणारे गव्हाचे पीठ परवडेना. हाताशी होता मका, रताळी, कसावा आणि कारा नावाचा कंद (आपल्या कोनफळाच्या कुळातला). मग पाव करायची रीत जुनी ठेवली आणि आत घातले ते नवे. त्याला ते ब्रोट म्हणतात. मक्याच्या ब्रोटाचे नाव ‘मिल्यब्रोट’: ‘मिल्यु’ म्हणजे पोर्तुगीजमध्ये मका आणि ‘ब्रोट’ म्हणजे जर्मन पाव. अर्धे नाव एका भाषेतले, अर्धे दुसऱ्या. आपल्याकडे ‘डबलरोटी’ असते तसेच.

कंद सोलून कच्चेच किसतात. इथे तुम्हाला हात लावू देतात, पण काऱ्याचा चीक काहींच्या हाताला खाजतो, म्हणून आधी थोडासाच किसून बघा. किसात मक्याचे पीठ, थोडे गव्हाचे पीठ, मीठ, साखर आणि यीस्ट. पूर्वी यीस्टऐवजी मागच्या खेपेच्या आंबलेल्या पिठाचा गोळा राखून ठेवत. गोव्यात पोदेर (पाववाले) माडाच्या सुरेवर पीठ आंबवत, त्याची हटकून आठवण होते. हे पीठ पोळीच्या कणकेसारखे मळता येत नाही. घट्ट आणि चिकट असते, थालीपिठाच्या पिठापेक्षा जरा सैल. हाताला पाणी लावूनच त्याला आकार द्यावा लागतो.

मग केळीची पाने येतात. पान भट्टीच्या तोंडाशी धरून शेकतात. आधी ते चमकते, मग गडद हिरवे होऊन मऊ पडते आणि दुमडले तरी फाटत नाही. त्यावर पिठाचा गोळा, वरून ओला हात फिरवलेला. मागच्या वर्षी गटातल्या सावंतवाडीच्या एक काकू इतका वेळ शांत होत्या, त्या इथे पुढे सरकल्या आणि म्हणाल्या, “अहो, ही तर पानगीच की!” पानगी तव्यावर, ब्रोट भट्टीत, आणि पीठही वेगळे, पण पानाचे काम तेच. खाली चिकटू द्यायचे नाही आणि वास द्यायचा. दुभाष्याने आजींना ते सांगितल्यावर त्यांनी काकूंच्या हातात पान दिले आणि स्वतः स्टूल ओढून बसल्या. त्या दिवशी शेवटचे दोन ब्रोट काकूंच्या हातचे होते.

भट्टी विटांची, घुमटासारखी. लाकूड आतच जाळतात. आतला काजळलेला घुमट तापून पांढुरका दिसू लागला की निखारे ओढून काढतात आणि ओल्या पाल्याच्या खराट्याने तळ झाडून घेतात. थर्मामीटर नाही. चिमूटभर पीठ तळावर टाकायचे: लगेच काळे पडले तर थांबायचे, सावकाश तांबूस झाले तर पाव आत. लांब दांड्याच्या लाकडी फळीवरून पाव सरकवतात, दार लावतात, फटी बुजवतात. मग तासभर कुणी दार उघडायचे नाही. फोटोसाठीसुद्धा नाही. हे आम्ही विनोदाने लिहिलेले नाही.

गरम ब्रोट कापू देत नाहीत. आतून गिजगिजीत लागतो. निवल्यावर खालचे करपलेले पान सोलून काढतात आणि पानाच्या शिरा पावाच्या तळावर उमटलेल्या दिसतात. चव जराशी गोडसर, तुकडा जड. बेकरीच्या हलक्या पावाची अपेक्षा असेल तर पहिला घास निराशा करील. दुसरा लोण्याबरोबर खा. सोबत फडक्याच्या गाळणीतून गाळलेली, आधीच साखर घातलेली काळी कॉफी.

एका ग्राहकांनी विचारले होते, एकादशीला चालेल का? रताळे चालते, कोनफळ चालते, आणि आपला साबुदाणा तर याच कसाव्याच्या कंदापासून होतो, ज्याचे माहेर ब्राझीलकडचेच. पण मका आणि गहू आहेत, म्हणून नाही चालणार.

वेळ पाळा

वितोरियाच्या हॉटेलवरून गाडी सकाळी सव्वासहाला निघते. साडेसहाला नाही. पहिल्या वर्षी आम्हीच घाटातल्या रस्त्याचा हिशेब चुकवला आणि सव्वा तास उशिरा पोहोचलो. निखारे काढून झाले होते, पीठ फुगून ताटाबाहेर आले होते, आणि त्या कुटुंबाने आमच्यासाठी भट्टी पुन्हा पेटवली. लाकूड त्यांचे, दिवस त्यांचा. ती वेळ पुन्हा येऊ द्यायची नाही, म्हणून नाश्ता डब्यात बांधून देतो.

पाव भट्टीत असताना शेतात चक्कर असते. पायवाट उताराची आहे. गुडघे दुखत असतील त्यांनी ओसरीवर बसावे, तिथून दिसतेही छान. फणसाचे झाड दिसले तर त्याला ‘जाका’ म्हणतात, तो पोर्तुगीजांनी आपल्या मलबारातून नेला, नावासकट; मल्याळममध्ये तो चक्का. बदल्यात आपल्याला काजू मिळाला. सौदा कुणाला फायद्याचा झाला यावर गाडीत दरवेळी वाद होतो.

घर पांढऱ्या भिंतींचे, दारे-खिडक्या निळ्या. आत जुना लग्नाचा फोटो टांगलेला असतो आणि त्यातली नवरी काळ्या पोशाखात आहे. ती तेव्हाची रीत होती, कुणाचा शोक नव्हे. हळू आवाजात सांत्वन करू नका. (एकदा झाले आहे.)

शाकाहारी मंडळींसाठी

ब्राझीलमध्ये ‘कार्नी’ (मांस) म्हटले की ऐकणारा बहुतेकदा गोमांस समजतो. ‘कार्नी नको’ म्हटल्यावर कोंबडी किंवा हॅमचा तुकडा पुढे आला तर त्यांचा दोष नाही. शिवाय या घरांत पाव आणि बिस्किटांना डुकराची चरबी वापरण्याची जुनी पद्धत आहे. तिला ‘बान्या’ म्हणतात. आमच्या पहिल्या भेटीत आम्ही हे विचारलेच नव्हते आणि ते जेवणानंतर कळले. चूक आमची होती. आता आपल्या गटाचे ब्रोट बान्याशिवाय करतात, पण बिस्किटांच्या डब्याची हमी देत नाही. काही ब्रोटांत अंडे असते. जैन प्रवाशांनी लक्षात घ्यावे की हा पावच मुळी कंदांचा आहे. तुमच्यासाठी भात, काळे वाल आणि फळे वेगळी सांगतो, पण तीन आठवडे आधी लेखी कळवा.

निघण्यापूर्वीचे

ब्राझीलचा व्हिसा लागतो, तो आम्ही बघतो. पीतज्वराची लस मात्र तुम्हालाच घ्यायची आहे. ब्राझीलहून भारतात उतरताना तिचे प्रमाणपत्र मागतात. नसेल तर विमानतळावरून थेट सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात. लस सरकारमान्य केंद्रातच घ्यायची, आणि प्रमाणपत्र दहा दिवसांनंतर लागू होते, म्हणून आदल्या आठवड्यात धावाधाव करून उपयोग नाही. एकदा घेतली की आयुष्यभर चालते. वय साठच्या पुढे असेल किंवा अंड्याची ॲलर्जी असेल तर आधी डॉक्टरांना विचारा.

जून ते ऑगस्ट तिथे हिवाळा. सकाळी स्वेटर लागतो, अकराला काढावा लागतो. पूर्ण बाह्यांचे कपडे, बूट आणि टोपी आणा. शेतातल्या बायका रुंद काठाच्या टोप्या आणि लांब बाह्या घालून दिसतील. त्या गोऱ्या कातडीला हे ऊन सोसत नाही आणि त्वचेचा कर्करोग इथल्या शेतकऱ्यांमधला मोठा प्रश्न आहे. घड्याळ भारतापेक्षा साडेआठ तास मागे असते, तेव्हा घरी फोन सकाळी करा, रात्री नको.

टिप ठेवू नका, आजींना ते आवडत नाही. त्याऐवजी जॅम, मध किंवा ब्रोट विकत घ्या. सुटे रिआल जवळ ठेवा. काऱ्याचे कंद, कॉफीची रोपे, बी-बियाणे आणू नका, भारतात कस्टम्सवर अडकतात. ब्रोट फडक्यात गुंडाळून आणता येतो. तिसऱ्या दिवसापासून तो तव्यावर थोडे तूप सोडून भाजून खा, आणि पानाचा वास येतो का ते आम्हाला कळवा.