ग्रीन-फ्लाय ऑर्किड म्हणजे बांडगूळ नाही हो!

फांदीवर उगवतं म्हणजे झाडाचा रस पीत असणार, हे किती वर्षं ऐकतोय आपण. साफ चूक! अमेरिकेत फ्लोरिडापासून पार नॉर्थ कॅरोलायनापर्यंत ओक आणि मॅग्नोलियाच्या फांद्यांवर हे ऑर्किड वाढतं, मुळं फक्त सालीला धरून असतात, आत घुसतच नाहीत. बांडगूळ फांदीत मुळं खुपसून पाणी ओढतं, याच्या मुळांवर स्पंजसारखा पांढरट थर असतो तो पावसाचं पाणी शोषतो, अन्न हिरवी पानं स्वतःच बनवतात. आणि झाडावरची ऑर्किडं थंडीत मरतात म्हणे! हे तर हिवाळ्यातलं हलकं गोठणंही सोसतं. फुलं हिरवट, बारीक, पण रात्री वास काय सुटतो, पतंग त्यालाच तर भुलतात.