सृष्ट्युत्पत्तिकथा, बायबलमधील : शब्दशः व प्रतीकात्मक अर्थ

बायबलच्या जुन्या करारातील पहिला ग्रंथ ‘उत्पत्ती’ (हिब्रू नाव ‘बरेशीत’) याच्या आरंभीच्या दोन अध्यायांत सृष्टीच्या निर्मितीची कथा आहे. सहा दिवसांत आकाश, पृथ्वी व प्राणिमात्र, सातव्या दिवशी विसावा. मग मातीचा माणूस, एदेन बाग, स्त्रीची निर्मिती. हे वृत्त घडले तसे नोंदलेले मानायचे, की ईश्वर व माणूस यांचे नाते सांगणारी रूपकात्म रचना, यावर ज्यू व ख्रिस्ती परंपरांत दीर्घकाळ मतभेद आहेत. हा वाद डार्विनपासून सुरू झाला असा सर्वसाधारण समज आहे. तो बरोबर नाही.

कथा एक नसून दोन आहेत, हे बहुतेक अभ्यासक मानतात. पहिलीत (अध्याय १, वचन १ ते अध्याय २, वचन ३; पुढे असेच १:१–२:३) ईश्वराला ‘एलोहीम’ म्हटले आहे. वनस्पती, जलचर, पक्षी, पशू आणि शेवटी नर-नारी असा क्रम आहे. दुसरीत (२:४ पासून) ‘याह्वे एलोहीम’ हे नाव येते आणि माणूस झाडाझुडपांच्याही आधी घडवला जातो. नावांतील या भेदावरून झां आस्त्र्यूक या फ्रेंच वैद्याने १७५३ मध्ये दोन मूळ साधनांची कल्पना मांडली. एकोणिसाव्या शतकात यूलिउस वेलहाउझेनने तिला पक्के रूप दिले. पहिली कथा पुरोहितवर्गाची व साधारणपणे इ. स. पू. सहाव्या-पाचव्या शतकातील असावी. दुसरीचा काळ वादग्रस्त आहे. पूर्वी ती इ. स. पू. दहाव्या-नवव्या शतकातील धरली जाई. अलीकडे काहीजण ती ज्यूंच्या बॅबिलोनमधील बंदिवासापर्यंत (इ. स. पू. सहावे शतक) खाली आणतात. निनवे या प्राचीन अ‍ॅसिरियन नगरातील मृत्तिकापट्टांवरील बॅबिलोनी सृष्टिकथा जॉर्ज स्मिथने १८७६ मध्ये प्रसिद्ध केल्यावर उसनवारीचा प्रश्न निघाला. हिब्रू ‘तेहोम’ (अथांग जल) हे ‘तिआमत’ या बॅबिलोनी देवतेवरून आले, असे हेर्मान गुंकेलने १८९५ मध्ये सुचविले. दोन्ही शब्द एकाच जुन्या सेमिटिक धातूचे, पण एक दुसऱ्यापासून निघालेला नव्हे, हे मत आज अधिक सयुक्तिक वाटते.

वादाचे खरे मर्म काही शब्दांत आहे. ‘योम’ म्हणजे दिवस. शब्दशः अर्थ मानणारे म्हणतात, ‘संध्याकाळ झाली, सकाळ झाली’ असे शब्द आणि पुढे क्रमांक असताना दिवस चोवीस तासांचाच असला पाहिजे. दुसऱ्या पक्षाचे म्हणणे असे, की सूर्य चौथ्या दिवशी झाला, मग आधीचे तीन दिवस कशावर मोजले? शिवाय २:४ मध्ये हाच ‘योम’ साऱ्या निर्मितिकाळाला मिळून वापरला आहे. मराठी वाचकाला ही लवचिकता समजावून सांगावी लागत नाही. ‘पावसाचे दिवस’, ‘दिवस पालटले’, ‘तिला दिवस गेले’ यांतला कोणताच दिवस घड्याळाचा नाही. मात्र आधी संध्याकाळ हा क्रम आपल्याला खटकतो. पंचांगातला वार सूर्योदयाला बदलतो, ज्यूंचा दिवस सूर्यास्ताला.

दुसरा शब्द ‘राकिया’. प्रचलित मराठी बायबलमध्ये त्यासाठी ‘अंतराळ’ आहे. मूळ धातूचा अर्थ ठोकून पसरवणे. तांबट तांब्याचा गोळा ऐरणीवर ठोकत ठोकत पातळ पत्रा काढतो, ती क्रिया. ग्रीक व लॅटिन भाषांतरांतही घट्ट, भरीव वस्तूचा अर्थ देणारेच शब्द आहेत. वरचे पाणी अडवून धरणारे कठीण छत, असे मूळ चित्र असावे. ‘अंतराळ’ म्हणजे मोकळी पोकळी. म्हणजे भाषांतरकाराने नकळत एक बाजू घेतली, आणि मराठी वाचकाला त्या छताचा पत्ताच लागत नाही. शब्दशः वाचनाचा आग्रह धरणाऱ्याने कोणते शब्द धरायचे, हा प्रश्न इथे टाळता येत नाही.

ज्यू परंपरेत अलेक्झांड्रियाच्या फिलोने (इ. स. पहिले शतक) सहा ही संख्या कालमापनाची नसून क्रमाची व पूर्णत्वाची मानली. मिश्ना या ज्यू धर्मनियमांच्या संग्रहामध्ये सृष्टिप्रकरण एकाच वेळी दोन शिष्यांपुढेही उलगडू नये असा दंडक आहे. राशी (१०४०–११०५) हा काटेकोर टीकाकार. त्याच्या मते पहिल्या वाक्याचे व्याकरणच ‘देव निर्माण करू लागला तेव्हा’ असे आहे आणि कशानंतर काय झाले हे शिकवण्याचा त्या वाक्याचा हेतू नाही. मायमोनिडीझने (११३८–१२०४) तर अर्थ लावण्याची दारे बंद नाहीत असे स्पष्ट म्हटले. नाखमानिडीझने दिवस खरे मानूनही त्यांत गूढार्थ पाहिला. आचारात मात्र सातवा दिवस शब्दशः पाळला गेला. कोकणातले बेने इस्राएल शनिवारी घाणा बंद ठेवीत, म्हणून त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत.

ख्रिस्ती आचार्यांत ओरिजेनने तिसऱ्या शतकात सूर्याविना दिवस अक्षरशः मानणाऱ्यांवर टीका केली. चौथ्या शतकात बेसिलने साधा अर्थच धरला. ऑगस्टीनने आपल्या भाष्याला ‘शब्दशः’ असेच नाव दिले, पण सारे एकाच क्षणी निर्माण झाले असा निष्कर्ष काढला. तेव्हा ‘शब्दशः’चा अर्थही काळागणिक बदलला आहे. सोळाव्या शतकातील प्रॉटेस्टंट सुधारकांपैकी ल्यूथर सहा दिवसांवर ठाम होता. मोशे (परंपरेने ‘उत्पत्ती’चा कर्ता) सामान्यांच्या भाषेत बोलला, खगोलशास्त्र शिकायचे त्याने इतरत्र जावे, असे कॅल्व्हिनचे मत. आर्चबिशप अशरने १६५० मध्ये निर्मितीचे वर्ष इ. स. पू. ४००४ काढले, ज्यू कालगणना इ. स. पू. ३७६१ पासून धरते. भूविज्ञान पुढे आल्यावर पहिल्या दोन वचनांमध्ये प्रदीर्घ खंड मानणे (चामर्स, १८१४), दिवस म्हणजे युग मानणे, असे समेट निघाले. कॅथलिक चर्चने १९५० च्या परिपत्रकात मानवी देहाच्या उत्क्रांतीवर संशोधनास मुभा दिली. अमेरिकेत १९६१ नंतर ‘तरुण पृथ्वी’चे, म्हणजे पृथ्वी काही हजार वर्षांचीच असल्याचे, मत पुन्हा बळावले.

खानदेशात ही कथा मुख्यतः अमेरिकन व स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशनांमार्फत पोचली. बायबलचे वचन जसेच्या तसे प्रमाण मानणारी ही मंडळी, त्यामुळे शब्दशः वाचनाकडे त्यांचा कल. कॅथलिक वस्ती नाशिक धर्मप्रांताखाली येते.

दुसऱ्या कथेतील शब्दखेळ मराठीत उतरत नाही : हिब्रूत माणूस ‘आदाम’, जमीन ‘अदामा’, आणि बहुधा त्याच कुळातला ‘आदोम’ म्हणजे तांबडा. तापीकाठची जमीन काळी. पण तिला ‘काळी आई’ म्हणणारा शेतकरी ना खोटे बोलतो, ना जन्मदाखला देतो. प्रतीकात्मक अर्थ म्हणजे ‘खोटी गोष्ट’ नव्हे, हे त्याला आधीच ठाऊक असते. धुळे-नंदुरबारकडे विहीर खणताना काळी माती, मुरूम, मग काळा पाषाण लागतो. हा पाषाण सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. लाव्हाच्या दोन थरांमध्ये कुठे कुठे विटकरी मातीचा पट्टा दिसतो : खालचा थर निवला, झिजला, त्याची माती झाली आणि मग वरचा थर आला. हे थर फोडून वर आलेल्या, भिंतीसारख्या उभ्या पाषाणपट्ट्या शिवारांतून लांबवर जातात; अर्थातच त्या त्या थरांहून नंतरच्या. अशरच्या ६ हजार वर्षांत हा क्रम बसत नाही.