बुरशी आलेल्या पावात पेनिसिलिन असतं का?

गोव्यात पावसाळ्यात पोदेराकडचा (पाव भाजणाऱ्याकडचा) पाव दोन दिवसांत हिरवा पडतो. ‘शास्त्रज्ञाला पेनिसिलिन बुरशी आलेल्या पावातच सापडलं, म्हणून असा पाव औषधी’ हा संदेश वर्षानुवर्षं फिरतो आहे. बुरशीपासून औषध मिळालं हे खरं असल्याने तो पटतोही.

पण शोध पावावर लागला नाही. 1928 साली लंडनच्या प्रयोगशाळेत जंतू वाढवलेल्या काचेच्या बशीत बुरशी शिरली आणि तिच्याभोवतीचे जंतू विरघळू लागले. 1929 च्या मूळ शोधनिबंधाची सुरुवातच या बश्यांच्या वर्णनाने होते. तो कुणालाही वाचता येतो. पुढे शुद्ध औषध काढणं इतकं अवघड ठरलं की 1941 मध्ये ऑक्सफर्डला पहिल्या रुग्णाच्या लघवीतून ते परत मिळवावं लागलं. तरीही साठा संपला आणि तो दगावला. हे वाचलं की मला आजही वाईट वाटतं.

शिवाय पावावर अनेक जातींची बुरशी येते. काही विषारी द्रव्यं तयार करतात, आणि रंगावरून जात ओळखता येत नाही. पेनिसिलिन असलंच तरी त्याचं प्रमाण बेभरवशाचं, आणि ते मूळ रूपातलं पेनिसिलिन जठरातल्या आम्लात बरंचसं नष्ट होतं. हिरवा भाग कापूनही उपयोग नाही. मऊ पावात बुरशीचे तंतू न दिसता आतवर गेलेले असतात. असा पाव सरळ टाकून द्यावा.