विहिरींवर उभे राहिलेले चर्च
(दक्षिण भारत सहलीतल्या आमच्या प्रवाशांसाठी माहितीपत्रक)

चेन्नईच्या मुक्कामात दुसऱ्या दिवशी सकाळी आपण एग्मोर स्टेशनजवळच्या सेंट अँड्र्यूज चर्चमध्ये जाणार आहोत. कार्यक्रमपत्रिकेत ‘द कर्क’ असे छापले आहे. ते वाचून दोघातिघांनी फोन केले, म्हणून आधी तेवढे सांगून टाकतो. राशीशी काही संबंध नाही. स्कॉटिश बोलीत चर्चला कर्क म्हणतात.

स्कॉटलंडचे चर्च प्रेसबिटेरियन पंथाचे. या पंथात बिशप नसतो. मंडळीने निवडलेले वडीलधारे, म्हणजे एका अर्थी पंचच, धर्मगुरूबरोबर बसून कारभार बघतात. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत स्कॉटिश माणसे रग्गड होती, पण कंपनीची चर्चे इंग्लंडच्या पंथाची. १८१३ साली कंपनीला नवी सनद मिळाली आणि त्यानंतर तिन्ही इलाख्यांत स्कॉटिश पाद्री आणि त्यांची चर्चे यांची सोय झाली. तिन्ही चर्चे सेंट अँड्र्यूच्याच नावाची : कोलकात्याचे १८१८ चे, मुंबईचे १८१९ चे आणि मद्रासचे १८२१ चे. मुंबईचे तुम्ही पाहिलेले असणार, फक्त लक्षात नसेल. काळा घोड्याकडून लायन गेटकडे जाताना लागते तेच. कोलकात्यात मनोऱ्यावरून इंग्लंडच्या पंथाचे बिशप आणि स्कॉटिश पाद्री यांचे चांगलेच वाजले होते. शेवटी पाद्रीबुवांनी बिशपच्या नाकावर टिच्चून मनोऱ्याच्या टोकाला कोंबडा बसवला, असे सांगतात.

मद्रासच्या चर्चचा पाया ६ एप्रिल १८१८ रोजी घातला गेला आणि २५ फेब्रुवारी १८२१ रोजी ते उपासनेसाठी उघडले. बांधणारा मेजर थॉमस फियॉट डी हॅविलँड, कंपनीच्या फौजेतला इंजिनिअर. शहरातल्या सेंट जॉर्जेस कॅथेड्रलचे बांधकामही यानेच पाहिले होते. त्याआधी श्रीरंगपट्टणला असताना भाजक्या विटांची शंभर फुटांहून मोठ्या गाळ्याची कमान आपल्याच बागेत उभारून, ती टिकते हे त्याने दाखवून दिले होते. कर्कची कल्पना मात्र उसनी. जेम्स गिब्ज या वास्तुविशारदाने लंडनच्या सेंट मार्टिन चर्चसाठी आधी एक गोल आराखडा काढला होता. तो खर्चिक म्हणून नाकारला गेला, पण १७२८ मध्ये नकाशांसह छापला गेला. लंडनला न परवडलेले गोल चर्च सुमारे नव्वद वर्षांनी मद्रासमध्ये उभे राहिले!

आता खरी गंमत. बसमधून उतरलात की सगळ्यांची नजर मनोऱ्याकडे जाते. तो १६६ फुटांच्या वर आहे, सेंट जॉर्जेसच्या मनोऱ्याहूनही उंच. आमचे म्हणणे, आधी पायाखाली बघा. ही जागा दलदलीची. एवढे वजन सरळ टाकले असते तर एक बाजू खचली असती. म्हणून डी हॅविलँडने आपल्याकडचीच जुनी रीत धरली, विहिरींचा पाया. विहिरीचे गोल कडे जमिनीवर ठेवायचे, आतली माती उपसत जायचे, कडे आपल्या वजनाने खाली बसते. त्यावर पुढचे कडे. घट्ट जमीन लागली की विहीर भरून काढायची. नदीकाठची देवळे, घाट, पूल असेच उभे केले आहेत. आग्र्याचा ताजमहालही विहिरींवरच आहे. तेव्हा नकाशा लंडनचा असला तरी पाया इथला आहे, हे लक्षात ठेवून आत चला.

पुढचा भाग उंच आयोनिक (माथ्याला गुंडाळ्या असलेल्या ग्रीक घाटाच्या) खांबांचा, वर त्रिकोणी शिरोभाग, त्यामुळे समोरून इमारत गोल आहे हे कळतच नाही. दारातून आत गेलात की एकदम उलगडते. सुमारे ८१ फूट व्यासाचे वर्तुळ, त्यात कोरिंथियन घाटाचे, म्हणजे माथ्याला पानांची नक्षी असलेले १६ खांब आणि त्यांच्यावर उथळ घुमट. घुमटही विटाचुन्याचा. मद्रासच्या हवेत लाकडाला वाळवी सोडत नाही. आतून तो गडद निळा आणि त्यावर सोनेरी तारे. हे स्कॉटलंडचे आकाश आहे असे सांगतात. घरापासून हजारो मैलांवर बसून त्या लोकांनी वर बघायची सोय करून घेतली होती म्हणायची.

जुन्या गोव्यातली चर्चे पाहिलेल्यांना इथे जरा ओकेबोके वाटेल. सोन्याने मढवलेली वेदी नाही, संतांच्या मूर्तींची दाटी नाही. या पंथात प्रवचन मुख्य, म्हणून सगळ्यांना ते दिसावे-ऐकू यावे अशी जागा. गोल आकार त्याला सोयीचा, मात्र घुमटाखाली आवाज घुमतो. तेव्हा आत हळू बोलणे बरे.

खांब संगमरवरी नाहीत, बरे का. हा मद्रासचा प्रसिद्ध चुना. समुद्रातले शिंपले भाजून केलेला, वस्त्रगाळ, घोटून घोटून चकाकी आणलेला. हलकेच तळवा टेकवून बघा, गार आणि काचेसारखा गुळगुळीत लागतो. मागच्या खेपेला अलिबागकडचे एक काका बराच वेळ खांबाशीच उभे होते. त्यांच्या आजोळी शिंपल्यांच्या चुन्याची भट्टी होती. आमच्यापेक्षा जास्त माहिती त्यांनीच दिली.

चर्च आता चर्च ऑफ साउथ इंडियाकडे (दक्षिणेतल्या अनेक प्रोटेस्टंट पंथांच्या एकत्रित संस्थेकडे) आहे आणि तिथे नियमित उपासना चालते. पूर्वी एकदा आम्ही रविवारी सकाळीच गट नेला आणि पंचवीस माणसे तासभर उन्हात ताटकळली. चूक आमचीच. आता फक्त इतर दिवशी जातो. टोपी दारात काढावी, फोटो विचारून काढावेत, खाण्याच्या पिशव्या बसमध्ये ठेवाव्यात. आत अर्धा तास मिळेल. ज्यांना चालवत नाही त्यांनी बाकावर बसून नुसता घुमट बघितला तरी चालेल.